संदुकीच्या झाकणातली लीला चिटणीस

रेडिओवर चेहरा दिसत नाही, ही बोलणाऱ्याची मोठीच सोय. मला मात्र आज एका चेहऱ्याविषयीच बोलायचं आहे, त्यामुळं थोडी पंचाईत आहे. तो चेहरा मी पहिल्यांदा पाहिला तो नांदेडला, जुन्या गावातल्या आमच्या आजोळी, नानीच्या पत्र्याच्या संदुकीत. संदुकीचं झाकण उघडलं की आतल्या बाजूला एका बाईचं छापील चित्र खळ लावून चिकटवलेलं होतं. कडा पिवळ्या पडलेल्या. खाली उर्दूत साबणाचं नाव होतं, त्यातलं निम्मं कात्रीनं गेलेलं. आमच्या घरात भिंतीवर चित्र लावायची रीत नव्हती, कारण त्याच खोलीत नमाज व्हायची. झाकण बंद असलं की चित्र नाही, उघडलं की आहे. नानीनं ही वाट शोधून काढली होती आणि नानांनी त्यावर कधी हरकत घेतल्याचं मला आठवत नाही.

त्या घरात बायकांचा एकही फोटो नव्हता. नानांचा एक होता, मामूचा शाळेतला एक होता. नानीचा नव्हता, अम्मीचा लग्नाआधीचा नव्हता. म्हणजे अख्ख्या घरात छापलेला बाईचा चेहरा एकच, आणि तोही परक्या बाईचा.

ती बाई कोण, हे मला मामूनं सांगितलं. मामू पेंटर होता. दुकानांच्या पाट्या रंगवायचा आणि सीझनमध्ये टॉकीजचे बोर्ड. मी सात-आठ वर्षांचा असताना तो मला माळेगावच्या जत्रेला घेऊन गेला. नांदेडहून लातूरकडं निघालं की लोहा सोडल्यावर हे माळेगाव लागतं. मार्गशीर्षात खंडोबाची यात्रा भरते; घोडे, गाढवं, उंट, तमाशाच्या कनाती आणि त्या काळात सिनेमाचे तंबू. तंबूत जुनीच पिक्चरं लागायची. त्या रात्री 'आवारा' होता. पिक्चर चालू असताना मामूनं मला कोपरानं ढोसलं आणि म्हणाला, "देख, ये अम्मा की संदूकवाली."

मी पडद्याकडं पाहिलं. सुरुवातीला जज्जाची तरुण बायको होती, तिला घरातून काढून देतात. तेव्हा मला वाटलं, असेल बुवा. पण पुढं तीच राज कपूरची म्हातारी, गांजलेली आई झाली, तेव्हा मी मामूला सरळ खोटं ठरवलं. संदुकीतली बाई म्हातारी होऊच शकत नव्हती. ती रोज तशीच असायची.

पुढं मोठा झालो, वाचायला लागलो, तेव्हा कळलं की मामू खरं बोलत होता. ती लीला चिटणीस. १९४१ साली लक्स साबणाच्या जाहिरातीत झळकलेली पहिली भारतीय चित्रतारका. त्याआधी हा मान फक्त हॉलिवूडच्या नट्यांचा होता. आणि ही बाई आपली, मराठी होती.

आज मॉडेलिंग आणि सिनेमा यांचा क्रम आपण गृहीत धरतो. मुलगी आधी जाहिरातीत दिसते, कॅलेंडरवर येते, एखादा किताब मिळवते आणि मग तिला सिनेमा मिळतो. मॉडेलिंग ही पायरी आणि सिनेमा हा मजला. लीलाबाईंच्या काळात हा जिना उलटा होता. आधी नाटक, मग सिनेमा आणि सगळ्यात शेवटी साबण. पण नीट पाहिलं तर एक जाहिरात त्यांच्या वाट्याला फार आधीच आली होती, आणि ती साबणाची नव्हती.

लीलाबाई मूळच्या नगरकर. १९०९ साली धारवाडला जन्म. वडील इंग्रजी साहित्याचे प्राध्यापक. लग्न फार लवकर झालं, वयानं खूप मोठ्या असलेल्या डॉ. गजानन चिटणीस यांच्याशी. चार मुलगे झाले. त्या पदवीधर झाल्या. पुढं नवरा-बायको वेगळे झाले आणि लीलाबाईंनी शाळेत शिकवायची नोकरी धरली. त्याच सुमाराला मराठी रंगभूमीवर 'नाट्यमन्वंतर' ही मंडळी नवं काही करू पाहत होती. इब्सेनच्या वळणाचं नाटक, आणि बाईची भूमिका बाईनंच करायची, हा आग्रह. लीलाबाई त्यांच्यात गेल्या. १९३४ सालच्या 'उसना नवरा'मध्ये त्यांनी काम केलं. पण नाटकाच्या पैशात चार मुलांचं घर चालत नव्हतं. म्हणून सिनेमा. तोही नायिकेचा नव्हे. आधी गर्दीतल्या बाईचं काम, मग मारामारीचे स्टंटपट.

त्यांपैकी एक १९३७ सालचा 'जंटलमन डाकू'. लीलाबाई त्यात पुरुषी पोशाख घालून चोर झाल्या होत्या. आता या चित्रपटाची जाहिरात कशी झाली पाहा. 'टाइम्स ऑफ इंडिया'त त्यांची ओळख करून दिली गेली ती महाराष्ट्रातून पडद्यावर आलेली पहिली पदवीधर 'सोसायटी लेडी' म्हणून. तलवार बाजूला, दरोडा बाजूला. पुढं काय केलं? पदवी.

मीही बी.ए. आहे. माझ्या पदवीमुळं आजवर एकही तिकीट खपलेलं नाही, कवितासंग्रह तर नाहीच. म्हणून मला या जाहिरातीचं फार नवल वाटतं. पण तो काळ ध्यानात घ्यायला हवा. पडद्यावर येणारी बाई म्हणजे कोठ्यावरची किंवा त्याच वाटेवरची, असं चांगल्या घरांतून उघड बोललं जाई. अशा वेळी 'ही शिकलेली आहे, ही आपल्यातली आहे' हे सांगणं हाच मोठा माल होता. आज ज्याला आपण ग्लॅमर म्हणतो त्याचं त्या वर्षांतलं रूप हे होतं. उघडे खांदे दाखवणाऱ्या नट्या पुष्कळ असतील, पण बी.ए. झालेली प्राध्यापकाची मुलगी कुठून आणणार?

हाच माल पाच-सहा वर्षांपूर्वी आणखी एका मराठी बाईच्या नावावर विकला गेला होता, आणि तिला तो फार महागात पडला होता. दुर्गा खोटे. श्रीमंत सॉलिसिटर लाड यांची मुलगी, सेंट झेवियर्समध्ये शिकलेली. सासरची परिस्थिती खालावली आणि १९३१ साली त्यांनी 'फरेबी जाल' नावाच्या चित्रपटात छोटं काम पत्करलं. निर्मात्यानं जाहिरातीत काम सांगितलं नाही, वडिलांचं नाव सांगितलं. प्रसिद्ध सॉलिसिटरांची कन्या पडद्यावर! चित्रपट सुमार निघाला, आणि त्याचा सगळा चिखल त्या घराण्याच्या नावावर उडाला. पुढच्याच वर्षी व्ही. शांताराम यांनी 'अयोध्येचा राजा'त तारामती म्हणून त्यांना उभं केलं नसतं, तर दुर्गाबाईंची कारकीर्द त्या एका जाहिरातीत संपली असती. त्यांनी पुढं 'मी दुर्गा खोटे' हे आत्मचरित्र लिहिलं. मला त्यांच्या आयुष्यातली एक गोष्ट फार आवडते. जिचं नाव न विचारता पोस्टरवर चिकटवलं गेलं होतं, ती बाई नंतर स्वतः निर्माती झाली आणि तिच्या संस्थेनं लघुपट केले, जाहिरातपटही केले. 'वागले की दुनिया' ही दूरदर्शनवरची मालिका याच दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची, १९८८ सालची.

लीलाबाईंच्या बाबतीत मात्र जाहिरात आणि काम यांची गाठ बरी पडली. मास्टर विनायकांच्या १९३६ सालच्या 'छाया'त त्यांनी आपली ताकद दाखवली होती. मग मालाडच्या बॉम्बे टॉकीजनं बोलावलं. तिथं देविकाराणी ही सम्राज्ञी होती. तिची जागा भरून काढायची म्हणजे गंमत नव्हे. १९३९ साली 'कंगन' आला, नायक अशोक कुमार. दिग्दर्शक जर्मन, फ्रान्झ ऑस्टेन. त्याच वर्षी महायुद्ध पेटलं आणि इंग्रज सरकारनं त्याला अटकेत टाकलं. 'कंगन' तुफान चालला. लगेच १९४० साली 'आझाद' आणि 'बंधन', १९४१ साली 'झूला'. अशोक कुमार-लीला चिटणीस ही जोडी हैदराबादपासून लाहोरपर्यंत घराघरात गेली. आमचं नांदेड तेव्हा निजामाच्या राज्यात. मनमाडहून हैदराबादला जाणारी मीटर गेजची गाडी नांदेडवरून जायची. लातूरला बार्शी लाइटची छोटी गाडी यायची. नांदेडला मुंबईचा माल आणि हैदराबादचा माल, दोन्ही उतरत. मासिकं, पोस्टरं आणि साबणाच्या वड्या त्याच डब्यांतून आल्या.

आता साबणाविषयी. लक्सची अंघोळीची वडी अमेरिकेच्या बाजारात आली १९२५ साली. तिच्या जाहिरातीचं काम जे. वॉल्टर थॉम्पसन या कंपनीकडं होतं आणि त्यांनी एक साधीच युक्ती केली. साबणाचे गुण सांगायचे नाहीत, वापरणारी सांगायची. हॉलिवूडच्या दहांतल्या नऊ तारका हाच साबण लावतात, एवढंच सांगायचं. चेहरा पाहून बाकीचं गिऱ्हाइकानं समजून घ्यायचं. लिव्हर कंपनीचा मुंबईत शिवडीला साबणाचा कारखाना सुरू झाला १९३४ साली, आणि १९३९ साली तिचीच जाहिरात-शाखा, लिंटास, इथं उभी राहिली. पण जाहिरातीतले चेहरे गोरे, परदेशी होते. नांदेडच्या किंवा नागपूरच्या बाईनं तो चेहरा बघावा आणि म्हणावं, बाई सुंदर आहे, पण हिचा माझा काय संबंध?

संबंध जोडायला देशी चेहरा हवा होता. आणि कुठलाही देशी चेहरा चालणार नव्हता. साबण ही घराच्या आत, न्हाणीघरात जाणारी वस्तू. तिच्यावरची बाई अशी हवी, की ती घरात आलेली घरातल्या कर्त्या पुरुषाला खपेल. माझा असा तर्क आहे, की इथं १९३७ सालची ती 'पदवीधर सोसायटी लेडी' कामाला आली. लीलाबाई सुंदर होत्या, जोरात चालणाऱ्या चित्रपटांच्या नायिका होत्या, हे तर खरंच. पण त्यांच्याभोवती शिक्षणाचं आणि प्रतिष्ठेचं एक वलय आधीच तयार होतं. साबण कंपनीला ते तयार मिळालं. पडदा पाळणाऱ्या माझ्या नानीनं त्या बाईला संदुकीत जागा दिली, यात त्या वलयाचा वाटा असणार. नाचणाऱ्या बाईचं चित्र नानांनी ठेवू दिलं असतं असं मला वाटत नाही.

आणखी एक गोष्ट जाहिरातीत नव्हती. १९४१ साली लीलाबाई बत्तीस वर्षांच्या होत्या आणि चार मुलांच्या आई होत्या. नवऱ्यापासून वेगळ्या राहून घर चालवणाऱ्या. तारुण्याचा आणि तुकतुकीत कांतीचा तो चेहरा खरं तर एका कष्टकरी आईचा होता. नानीला हे ठाऊक असण्याचं काही कारण नव्हतं. ती स्वतः तेव्हा विशीची, नुकतीच नांदवायला आणलेली.

पण चित्रपटसृष्टीला सगळं ठाऊक असतं. १९४२ साली लीलाबाईंनी स्वतः 'किसी से ना कहना' काढला. चाळिसाच्या दशकाच्या मध्यापर्यंत नायिकेच्या भूमिका ओसरल्या. आणि १९४८ साली 'शहीद'मध्ये त्या दिलीप कुमारच्या आजारी, दुःखी आई झाल्या. त्यांचं वय तेव्हा एकोणचाळीस. दिलीप कुमार सव्वीसचा. साबणाची जाहिरात आणि आईची भूमिका यांच्यात फक्त सात वर्षांचं अंतर आहे. १९५१ साली 'आवारा'त राज कपूरची आई, १९६१ साली 'गंगा जमुना'त पुन्हा आई, १९६५ साली 'गाइड'मध्ये देव आनंदची आई. हिंदी सिनेमातली ती खोकणारी, शिवणयंत्र चालवणारी, देवासमोर रडणारी आई घडवली ती याच बाईनं. आज लोकांना त्या आठवतात त्या अशाच. जाहिरातीतला चेहरा आठवतो तो आमच्यासारख्या एखाद्या संदुकीवाल्यालाच.

म्हणजे या मॉडेलिंगनं त्यांना काय दिलं? मी पुष्कळ विचार केला. नायिकापदाची वर्षं काही वाढवून दिली नाहीत. दिली ती दुसऱ्यांना. लीलाबाईंच्या मागून मधुबाला, नर्गिस आल्या, पुढं हेमा मालिनी आणि आपली माधुरी दीक्षित. लक्सची जाहिरात मिळणं म्हणजे तारकापदाचा शिक्का, असं समीकरणच झालं. २००५ साली तर शाहरुख खान टबात बसला. पण पहिला शिक्का जिच्यावर मारला, तिला त्याचा भाव माहीत नव्हता, आणि बाजारालाही नव्हता.

त्या स्वतः मात्र थांबल्या नाहीत. १९५५ साली त्यांनी 'आज की बात' दिग्दर्शित केला. सॉमरसेट मॉमचं एक नाटक मराठी रंगभूमीवर आणलं. १९८१ साली 'चंदेरी दुनियेत' हे आत्मचरित्र लिहिलं. मग मुलांकडं अमेरिकेला गेल्या. २००३ च्या जुलैत, त्र्याण्णव वर्षांच्या होऊन, कनेक्टिकट राज्यातल्या डॅनबरी गावी एका शुश्रूषागृहात वारल्या. बातमी मराठी वर्तमानपत्रांत आली, तेव्हा नानी हयात नव्हती.

लीलाबाईंच्याच पिढीतली दुसरी एक बाई सांगायला हवी, कारण तिची गोष्ट अगदी उलट्या टोकाची आहे. मीनाक्षी शिरोडकर. १९३८ साली मास्टर विनायकांच्या 'ब्रह्मचारी'त त्या पोहण्याच्या पोशाखात तलावात उतरल्या. कथा आचार्य अत्र्यांची, त्यामुळं गंमत भरपूर. गाजावाजा झाला, टीका झाली आणि गर्दीही झाली. पण ती जाहिरात नव्हती, ती भूमिका होती; ब्रह्मचर्याचं ढोंग करणाऱ्या नायकाला हलवायचं तर कथेला तो पोशाख लागतच होता. नंतर मीनाक्षीबाईंनी कितीतरी कामं केली, पण नाव काढलं की लोक तलावच काढतात. त्यांची नात नम्रता शिरोडकर १९९३ साली मिस इंडिया झाली आणि त्या किताबाच्या जोरावर सिनेमात गेली. आजीनं एका प्रसंगासाठी जे ऐकलं, त्याच्या कैकपट धीट पोशाखाला नातीच्या वेळी टाळ्या मिळाल्या. मधे पंचावन्न वर्षं गेली होती.

आणि तरीही दोनच वर्षांनी, १९९५ साली, आपल्या महाराष्ट्रात काय झालं ते आठवा. मधू सप्रे, नागपूरची मुलगी, मैदानी खेळांतली. १९९२ सालची मिस इंडिया, त्याच वर्षी विश्वसुंदरी स्पर्धेत तिसरी. एका बुटाच्या जाहिरातीत ती आणि मिलिंद सोमण अंगावर कपडे न घेता उभे राहिले, पायांत बूट आणि गळ्यात अजगर. मोर्चे निघाले, खटला भरला गेला. तो चौदा वर्षं चालला आणि २००९ साली सगळे निर्दोष सुटले. मधू सप्रे सिनेमात दिसली ती २००३ साली 'बूम'मध्ये, आणि तो आपटला. मला त्या जाहिरातीची भलामण करायची नाही. मला ती कृत्रिम वाटली होती, अजगरासकट. पण एका छायाचित्रानं त्या मुलीच्या आयुष्याची चौदा वर्षं कोर्टाच्या तारखांना बांधली, आणि बूट किती खपले याची चौकशी कुणी केली नाही.

मी तेव्हा लातूरला होतो. गंजगोलाईत ज्या सोळा रस्त्यांना मिळायचं असतं, त्यातल्या एकावर केशकर्तनालय होतं. तिथं ती बातमी मोठ्यानं वाचली जायची आणि वाचणाऱ्याच्या डोक्यामागच्या भिंतीवर नट्यांची तीन कॅलेंडरं लटकत असायची. कुणाला त्यात विसंगती दिसली नाही. मलाही तेव्हा दिसली नाही, खुर्चीत बसलो होतो, मान खाली होती.

त्याच वर्षाची एक घरची गोष्ट सांगतो. शेषनसाहेबांनी मतदारांना फोटोचं ओळखपत्र काढायला लावलं होतं. नांदेडला नानीच्या गल्लीजवळच्या शाळेत कॅमेरा आला. नानीची पंचाहत्तरी जवळ आलेली. आयुष्यात पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर बसायचं होतं, तेही बुरख्याचा नकाब वर करून. मामी आणि अम्मी तिला घेऊन गेल्या. सरकारी फोटो, एका क्षणात उरकलेला. कार्ड आलं तेव्हा त्यात नानीचा चेहरा काळवंडलेला, डोळे अर्धे मिटलेले. नाव चुकलेलं, वय तर भलतंच. तिनं कार्ड हातात धरून बराच वेळ पाहिलं आणि म्हणाली, "ये मैं हूँ क्या?" मग ते संदुकीत टाकलं. तिचा दुसरा फोटो नाही. ती गेल्यावर मतदार यादीतलं नाव कमी करायला त्याच कार्डाची झेरॉक्स लावली.

मामूला मी विचारलं होतं, तू एवढे बोर्ड रंगवलेस, अम्मीचं एक चित्र का नाही काढलंस? तो म्हणाला, समोर फोटो लागतो. त्याचं काम तसंच होतं. हातात पोस्टकार्डाएवढा फोटो घ्यायचा, त्यावर पेन्सिलीनं चौकटी आखायच्या, तेवढ्याच चौकटी मोठ्या पत्र्यावर खडूनं आखायच्या, आणि एकेक चौकट भरत जायची. या चौकटीत भुवईचं टोक, त्या चौकटीत नाकपुडी. हेमा मालिनी त्यानं इतक्या वेळा काढली, की डोळे झाकूनही काढेल असं तो म्हणायचा. फोटोच नाही तर चौकटी कशावर आखणार?

बोर्ड रंगवायचं काम नव्वदीनंतर कमी होत गेलं आणि फ्लेक्स आल्यावर संपलंच. आता माणसांचे चेहरे यंत्रातून बाहेर पडतात. आणि आमच्या लातूर-नांदेडला त्यावर सगळ्यात जास्त कुणाचे चेहरे असतात? सिनेनट्यांचे नव्हेत. बाहेरगावच्या पाहुण्याला हे खरं वाटत नाही. बारावीचे आणि नीटचे निकाल लागले, की दोन्ही शहरांचे चौक मुलामुलींच्या फोटोंनी भरून जातात. नावापुढं गुण, खाली क्लासचं नाव. त्यात निम्म्याहून जास्त मुली असाव्यात असा माझा अंदाज आहे. ज्या घरांतून मुलीचा फोटो पाहुण्यांनाही दाखवत नसत, त्या घरांतले बाप पोरीच्या फ्लेक्सखाली उभे राहून स्वतःचा फोटो काढून घेतात. मला त्यात लीलाबाईंची ती १९३७ सालची जाहिरात दिसते. शिकलेली मुलगी, हा माल अजून जोरात खपतो.

मी हे तिऱ्हाइतासारखं बोलत नाही. २०१९ साली माझी पुतणी चांगल्या गुणांनी नीट पास झाली. एका क्लासनं तिचा फोटो लातूरच्या भर चौकात लावला. ती त्यांच्याकडं शेवटचे दोन महिने फक्त सराव परीक्षांना गेली होती. फोटो अर्जावरून उचललेला, कुणाला विचारलं नव्हतं. माझा भाऊ आधी संतापला. तक्रार करायला निघाला होता. पण जुम्म्याला मशिदीबाहेर दहाजणांनी हात मिळवून मुबारकबाद दिली आणि तो घरी येऊन गप्प बसला. तिची आई खूश होती. पुतणीला कुणी काय वाटतं ते विचारलं नव्हतं, मीही नाही. ती हळूच म्हणाली, "चाचा, माझ्याबरोबर ज्या सरांनी दोन वर्षं घासली, त्यांचं नाव कुठंच नाही." ते सर सरकारी शाळेतले होते.

मामू तेव्हा आमच्याकडं आला होता. वय सत्त्याहत्तर, एका डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं. त्याला मोठ्या हौसेनं फ्लेक्स दाखवायला नेला. पुतणीही बरोबर होती, डोक्यावर ओढणी घेऊन. मामू चौकात रिक्षावाल्यांच्या मधे उभा राहिला, एक डोळा मिटला आणि हवेत बोटानं आडव्या-उभ्या रेघा ओढत तो चेहरा वरून खालपर्यंत तपासला. मग त्यानं मान वळवून पुतणीकडं पाहिलं, पुन्हा फ्लेक्सकडं पाहिलं.

"रंग दो नंबर उजला किया है," तो म्हणाला. "नाक भी बारीक किया. ये किसने किया?"

पुतणी हसायला लागली. म्हणाली, "मला वाटलं, फक्त मलाच दिसतंय."

पावसाळ्याच्या तोंडावर क्लासवाल्यांनी नवीन फ्लेक्स चढवला. जुना कुणीतरी उतरवून नेला. महिनाभरानं औसा रोडला एका टपरीवर तो पालथा घातलेला दिसला, पाणी गळू नये म्हणून. वाऱ्यानं कोपरा उलटला की कपाळ आणि एक डोळा दिसायचा. मी चहा पिऊन पैसे दिले आणि पुतणीला सांगितलं नाही.